मायावतीचे कोडे

‘ताऱ्याचे आयुष्य त्याचे वस्तुमान ठरवते’ हे वाक्य मी बी.एस्सी.च्या वर्गात किती वर्षे सांगत आलो, याची गणती नाही. जड तारा उधळ्या, हलका तारा काटकसरी. सूर्याच्या तिप्पट वस्तुमानाचा तारा आपल्या गाभ्यातील हायड्रोजन सुमारे पस्तीस-चाळीस कोटी वर्षांत संपवतो; सूर्याला त्यासाठी सुमारे एक हजार कोटी वर्षे लागतात; आणि सूर्याहून हलक्या ताऱ्यांचे तर विचारूच नये. वस्तुमान म्हणजे ताऱ्याची जन्मकुंडली, असेही मी वर जोडत असे आणि वर्ग हसत असे.

एका वर्षी मागच्या बाकावरून प्रश्न आला, “सर, मग मायावतीचे काय? तिथे तर हलकाच तारा आधी म्हातारा झाला आहे.” मुलाने कुठेतरी वाचले होते. मी तेव्हा “तो अपवाद आहे, नंतर पाहू,” असे म्हणून वेळ मारून नेली. घरी येऊन पुस्तके उघडली, तेव्हा लक्षात आले की हा अपवाद म्हणून बाजूला सारण्यासारखा विषय नाही. आकाशातील ताऱ्यांचा फार मोठा हिस्सा जोडीने राहतो, आणि त्यांतील पुष्कळ जोड्या एकमेकींच्या इतक्या जवळ आहेत की त्यांना माझे वर्गातले वाक्य लागूच पडत नाही. हा लेख म्हणजे त्या मागच्या बाकाला उशिरा दिलेले उत्तर आहे.

मायावती हा तारा आपल्याला अनोळखी नाही. मार्गशीर्ष-पौषात रात्री नऊच्या सुमारास उत्तरेकडे तोंड करून उभे राहिले, की शर्मिष्ठेच्या उजव्या अंगाला, बऱ्याच उंचीवर ययाती हा तारकासमूह दिसतो. त्यातील दुसऱ्या क्रमांकाचा तेजस्वी तारा म्हणजे मायावती. पाश्चात्त्य नाव अल्गोल. ते अरबीतून आले असून त्याचा अर्थ ‘घूल’, म्हणजे पिशाच्च, असा आहे. एरवी हा तारा २.१ प्रतीचा असतो. पण दर २ दिवस २० तास ४९ मिनिटांनी तो मंदावू लागतो, पाचेक तासांत ३.४ प्रतीपर्यंत उतरतो आणि पुढच्या पाचेक तासांत पुन्हा पहिल्यासारखा होतो. म्हणजे त्याचा प्रकाश तिसऱ्या हिश्शाहूनही थोडा कमी होतो, आणि हे दुर्बिणीविना, नुसत्या डोळ्यांनी दिसते.

इटलीत मोंतानारीने १६६७ मध्ये या ताऱ्याच्या तेजातील बदलाची नोंद केली होती. पण त्यातील नियमितपणा सापडला तो इंग्लंडमधील यॉर्क गावच्या जॉन गुडरिक या मुलाला, १७८२-८३ मध्ये. तेव्हा त्याचे वय अठरा वर्षे. लहानपणीच्या आजाराने तो बहिरा झाला होता. रात्रीमागून रात्री शेजारच्या ताऱ्यांशी तुलना करून त्याने आवर्तनाचा काळ काढला आणि कारण सुचवले, की एखादे मोठे काळोखे गोल या ताऱ्याभोवती फिरत असावे आणि ते मध्ये आले की ग्रहण होत असावे. रॉयल सोसायटीने त्याला त्याच वर्षी कोप्ले पदक दिले. १७८६ मध्ये, वयाच्या एकविसाव्या वर्षी, तो वारला. आपल्याकडे त्या वयाचा मुलगा शेवटच्या वर्षाच्या प्रॅक्टिकलचे जर्नल पुरे करत असतो!

गुडरिकच्या तर्काला पुरावा मिळायला शंभरावर वर्षे जावी लागली. १८८९ मध्ये जर्मनीतील पॉट्सडामच्या वेधशाळेत फोगेल याने मायावतीच्या वर्णपटातील रेषा मोजल्या. ग्रहणापूर्वी तारा आपल्यापासून दूर जात असतो आणि ग्रहणानंतर आपल्याकडे येत असतो, असे डॉप्लर परिणामावरून दिसले. म्हणजे तो खरोखरच कोणाभोवती तरी फिरत होता. काळोखे गोल म्हणजेही एक ताराच, फक्त थंड आणि मंद.

आता या जोडीची मापे पाहू, कारण कोडे मापांतच आहे. तेजस्वी ताऱ्याचे वस्तुमान सूर्याच्या सुमारे ३.२ पट, त्रिज्या २.७ पट, पृष्ठभाग निळसर-पांढरा आणि अतिशय तप्त. मंद ताऱ्याचे वस्तुमान सूर्याच्या केवळ ०.७ पट, पण त्रिज्या मात्र ३.५ पट. वस्तुमानाने चौथ्या हिश्शाहून कमी, आणि आकाराने मोठा! दोघांतील अंतर सुमारे ९३ लाख किलोमीटर, म्हणजे सूर्य-बुध अंतराच्या सहाव्या हिश्शाइतके. (तिसराही एक तारा या दोघांभोवती सुमारे ६८० दिवसांत फिरतो, पण तो बराच दूर आहे, त्याला आपण आज बाजूला ठेवू.) या मंद ताऱ्याच्या स्वतःच्या वर्णपटरेषा प्रत्यक्ष सापडल्या त्या १९७८ मध्ये, तोपर्यंत जोडीदाराच्या झगमगाटात त्या बुडून गेल्या होत्या. त्याचे वस्तुमान तोवर आडवाटेनेच काढावे लागत असे.

०.७ सूर्याचा तारा फुगलेला असणे म्हणजे त्याच्या गाभ्यातील हायड्रोजन संपला आहे, तो वार्धक्याकडे झुकला आहे. पण असा हलका तारा एकटा असता, तर त्याला या अवस्थेला पोचायला विश्वाच्या आजवरच्या वयाहूनही, म्हणजे सुमारे १३८० कोटी वर्षांहूनही, अधिक काळ लागला असता. आणि शेजारचा ३.२ सूर्यांचा तारा, ज्याने आधी म्हातारे व्हायचे, तो मात्र ऐन तारुण्यात. दोघांचा जन्म एकाच वायुमेघातून, एकाच वेळी झाला असे मानण्याला सबळ कारणे आहेत. फिरता फिरता एकमेकांना पकडून अशी जवळची जोडी जमणे जवळजवळ अशक्य. मग एका वयाच्या दोघांत धाकटी अंगलट असलेला आधी म्हातारा कसा? यालाच ज्योतिर्विद ‘अल्गोल विरोधाभास’ म्हणतात. मागच्या बाकावरचा प्रश्न तो हाच.

उत्तर समजण्यासाठी क्षणभर आपण जमिनीवर येऊ. खानापूर तालुक्यात पावसाळ्यात गेलेल्यांना ठाऊक असेल: त्याच डोंगरभागात मलप्रभा उगम पावते आणि पूर्वेकडे कृष्णेला जाऊन मिळते, त्याच भागात म्हादई उगम पावते आणि पश्चिमेकडे गोव्यात उतरते. कड्याच्या धारेच्या या बाजूला पडलेला थेंब बंगालच्या उपसागराचा, त्या बाजूला पडलेला अरबी समुद्राचा. दोन ताऱ्यांमध्येही असाच पाणलोट असतो. एकमेकांभोवती फिरणाऱ्या दोन ताऱ्यांची गुरुत्वाकर्षणे आणि परिभ्रमणामुळे येणारी बाहेर फेकणारी प्रेरणा यांची बेरीज केली, की प्रत्येक ताऱ्याभोवती एक हद्द आखता येते. हद्दीच्या आत असलेले द्रव्य त्या ताऱ्याचे. दोन्ही हद्दी मिळून डमरूसारखा आकार होतो आणि डमरूच्या बारीक कमरेशी दोघी एका बिंदूत भेटतात. एकोणिसाव्या शतकातील एदुआर रोश या फ्रेंच गणितज्ञाच्या नावावरून प्रत्येक हद्दीला रोशची पाळी म्हणतात. कमरेचा तो बिंदू म्हणजे दोन खोऱ्यांमधील सर्वांत सखल खिंड.

तारा आपल्या पाळीपेक्षा लहान आहे तोवर शेजाऱ्याशी त्याचा फारसा संबंध नाही. पण तारा म्हातारा होऊ लागला, की गाभा आकसतो, गाभ्याभोवतीच्या थरात हायड्रोजन जळू लागतो आणि बाहेरचे कवच फुगत जाते. एकट्या ताऱ्याला फुगायला सारे आकाश मोकळे. जवळच्या जोडीतील ताऱ्याला मात्र पाळीची भिंत आडवी येते. धरण काठोकाठ भरले की पाणी सर्वांत सखल जागेवरून सांडते, तसे ताऱ्याचे द्रव्य त्या खिंडीतून ओसंडून जोडीदाराच्या खोऱ्यात जाऊ लागते.

झ्डेनेक कोपाल यांनी १९५५ मध्ये जोडताऱ्यांची या पाळ्यांच्या आधारे वर्गवारी केली: दोन्ही तारे पाळीच्या आत असलेले, एकाने पाळी भरलेली, आणि दोघांनीही भरलेली. मायावतीसारख्या जोड्यांत हलका, फुगलेला तारा आपली पाळी नेमकी भरून बसलेला आढळतो. हा योगायोग नव्हे, हे त्याच वर्षी क्रॉफर्ड यांनी ओळखले. त्यांचे म्हणणे थोडक्यात असे: आजचा हलका तारा हाच मूळचा जड तारा. नियमाप्रमाणे तोच आधी म्हातारा झाला, फुगला, पाळीवरून सांडला, आणि आपल्या शरीराचा मोठा भाग जोडीदाराला देऊन बसला. नियम खोटा नव्हता. आपण आजचे वस्तुमान पाहून कालची कुंडली मांडत होतो, एवढीच चूक.

कल्पना सुंदर, पण एक शंका उरते. थोडेसे द्रव्य सांडले की तारा पाळीच्या आत जाईल आणि सांडणे थांबेल. मग एवढा मोठा व्यवहार होतो कसा? येथे कोनीय संवेगाचे गणित कामाला येते, आणि ते आपल्या पदवीच्या अभ्यासक्रमाबाहेरचे नाही. एकूण वस्तुमान आणि एकूण कोनीय संवेग कायम धरले, तर दोघांतील अंतर हे दोन्ही वस्तुमानांच्या गुणाकाराच्या वर्गाच्या व्यस्त प्रमाणात राहते. बेरीज कायम असताना गुणाकार सर्वांत मोठा केव्हा होतो? दोन्ही संख्या समान असताना. म्हणजे जड तारा हलक्याला द्रव्य देऊ लागला, की दोघे एकमेकांच्या जवळ येतात, अंतर कमी झाले की पाळी आकसते, आणि आधीच सांडणारा तारा अधिकच सांडू लागतो. दिल्याने संपत नाही, दिल्याने वाढते! हा सपाटा वस्तुमाने उलटेपर्यंत चालतो. त्यानंतर उलट होते: हलका जडाला देऊ लागला की अंतर वाढते, पाळी ऐसपैस होते आणि व्यवहार मंद गतीने चालू राहतो.

मायावतीचेच आकडे घालून पाहा. आज ३.२ गुणिले ०.७ म्हणजे २.२४. दोघे समसमान, म्हणजे १.९५ सूर्यांचे होते तेव्हा गुणाकार ३.८. भागाकार करून वर्ग केला तर २.९ च्या आसपास येतो. म्हणजे त्या वेळी अंतर आजच्या जवळजवळ एक-तृतीयांश होते. प्रत्यक्षात थोडे द्रव्य आणि संवेग बाहेर अवकाशात निसटलाच असणार, त्यामुळे हा हिशेब ढोबळच धरावा. पण चित्र कळते. १९६७ मध्ये किपेनहान आणि वायगर्ट यांनी संगणकावर अशा जोडीचा जीवनक्रम पायरीपायरीने काढून दाखवला, तेव्हा हा तर्क केवळ तर्क राहिला नाही.

यातून आणखी एक गोष्ट निघते. झपाट्याचा टप्पा थोडक्यात उरकतो, संथ टप्पा लांबतो. म्हणून मायावतीसारखे संथ टप्प्यातील तारे पुष्कळ सापडतात आणि झपाट्यातले क्वचित. एसटी स्टँडवर केव्हाही जा. फलाटाला लागलेल्या गाड्या पुष्कळ दिसतात, नेमकी वळण घेत असलेली एखादीच. तशी एक ‘वळणावरची गाडी’ गुडरिकनेच १७८४ मध्ये शोधली होती. अभिजित ताऱ्याच्या जवळ, स्वरमंडल समूहात बीटा लायरी नावाचा तारा आहे. त्याचे आवर्तन सुमारे १२.९ दिवसांचे, आणि ते दर वर्षी सुमारे १९ सेकंदांनी लांबत आहे. गुडरिकच्या काळापासून ते तासाहून अधिक वाढले आहे. तेथे सुमारे तीन सूर्यांचा तारा सुमारे तेरा सूर्यांच्या ताऱ्यावर द्रव्य ओतत आहे. दर वर्षी सूर्याच्या सुमारे पन्नास हजाराव्या हिश्शाइतके, म्हणजे दरसाल सहा-सात पृथ्व्या. इतके द्रव्य एकदम पोटात जात नाही. ते घेणाऱ्याभोवती जाड तबकडी करून फिरत राहते आणि तिच्याआड तो जड तारा जवळजवळ झाकला गेला आहे.

जाता जाता एक गोष्ट सांगण्याचा मोह आवरत नाही. मराठी ताराचित्रांत पर्सियसला ययाती हे नाव मिळाले, शेजारी शर्मिष्ठा आणि देवयानीही आल्या. मुलाचे तारुण्य मागून घेणारा आणि त्याला आपले वार्धक्य देणारा राजा मराठी वाचकांना खांडेकरांच्या कादंबरीतून भेटला आहे आणि या अंकाच्या कन्नड विभागाच्या वाचकांना गिरीश कार्नाडांच्या पहिल्या नाटकातून. ज्यांनी ही नावे योजली त्यांनी मायावतीच्या व्यवहाराचा विचार केला नसणार. शिवाय आकाशातील गोष्ट उलटीही आहे. तेथे म्हातारा स्वतः देतो आणि घेणारा तरुण होतो. असो.

घेणारा तरुण होतो, हे मात्र शब्दशः खरे आहे. एखाद्या तारकागुच्छातील सर्व तारे एकाच वयाचे असतात, त्यामुळे विशिष्ट वस्तुमानाच्या वरचे सारे तारे तेथे म्हातारे झालेले असायला हवेत. पण १९५३ मध्ये अ‍ॅलन सँडेज यांना एम-३ या गुच्छात काही निळे, तेजस्वी तारे मागे रेंगाळलेले आढळले, जणू दहावीच्या वर्गात अजून पहिलीतले मूल. त्यांतील अनेकांना जोडीदाराकडून द्रव्य मिळाले असावे, असा तर्क होता. २०१६ मध्ये बंगळूरच्या भारतीय ताराभौतिकी संस्थेतील अन्नपूर्णी सुब्रमणियम आणि सहकाऱ्यांनी भारताच्या अ‍ॅस्ट्रोसॅट उपग्रहावरील अतिनील दुर्बिणीतून एनजीसी-१८८ या जुन्या गुच्छातील अशा एका ताऱ्याजवळ तप्त जोडीदार शोधला. देणाऱ्याचा उरलेला गाभाच सापडला म्हणायचा. जोडताऱ्यांच्या अभ्यासाची परंपरा आपल्याकडे जुनी आहे: हैदराबादच्या उस्मानिया विद्यापीठाच्या जपाळ-रंगापूर वेधशाळेतील ४८ इंची दुर्बिणीवर प्रा. के. डी. अभ्यंकर आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी ग्रहण होणाऱ्या जोडताऱ्यांवर पुष्कळ काम केले.

मायावतीच्या पुढील आयुष्याची कल्पना हवी असेल, तर मघा नक्षत्राकडे पाहावे. मघेचा ठळक तारा एकटा दिसतो, पण २००८ मध्ये असे आढळले, की त्याला एक अदृश्यप्राय सोबती असून दोघे सुमारे ४० दिवसांत एक फेरी करतात. सोबत्याचे वस्तुमान सूर्याच्या सुमारे ०.३ पट. पुढे २०२० मध्ये त्याच्या वर्णपटाच्या खुणाही मिळाल्या. तो कवच गमावलेला गाभा आहे, श्वेत बटू होण्याच्या वाटेवरचा. आणि मोठा तारा? तो स्वतःभोवती १६ तासांच्या आत एक गिरकी घेतो, इतक्या वेगाने की विषुववृत्ताशी फुगून चपटा झाला आहे. तबकडीतून येणारे द्रव्य आपल्याबरोबर कोनीय संवेगही आणते, म्हणून घेणारा गरगरू लागतो. दिलेले द्रव्य दिसत नाही, पण गिरकी दिसते. मायावतीचा मंद ताराही असाच सोलला जाऊन हीलियमचा लहानसा श्वेत बटू होऊन उरेल, असे गणित सांगते.

मग येते दुसऱ्याची पाळी. घेणारा जड झाला, म्हणजे त्याचे आयुष्यही आखूड झाले. तो फुगू लागतो, आणि आता समोर श्वेत बटू असतो: पृथ्वीएवढा आकार आणि ताऱ्याचे वस्तुमान. पुढे काय होते हे अंतरावर आणि वस्तुमानांवर अवलंबून आहे, आणि वाटा दोन फुटतात.

पहिली वाट भुजंगधारी समूहातील आर.एस. ओफियुची या जोडीत दिसते. तांबड्या महाकाय ताऱ्याकडून येणारा हायड्रोजन श्वेत बटूच्या पृष्ठभागावर साचतो. प्रचंड गुरुत्वाकर्षणाखाली तो दाबला जातो, तापतो, आणि एका मर्यादेला सारा थर एकदम पेटतो. यालाच आपण नवतारा म्हणतो. नाव नवे, प्रकरण म्हाताऱ्यांचे. थर उडून जातो, बटू शाबूत राहतो आणि पुन्हा साठवण सुरू. हा तारा १८९८, १९३३, १९५८, १९६७, १९८५, २००६ आणि २०२१ मध्ये पेटला. २००६ च्या स्फोटानंतर नारायणगावजवळील खोडदच्या महाकाय रेडिओ दुर्बिणीने त्याचे मीटर तरंगलांबीवर वेध घेतले होते. २०२१ मध्ये ८ ऑगस्टला तो पेटल्याचे कळले, तेव्हा तो नुसत्या डोळ्यांना दिसण्याइतका तेजस्वी होता. पण आपल्याकडे श्रावण लागत होता. मी आठ रात्री गच्चीवर छत्री घेऊन चढलो आणि आठही रात्री भिजून उतरलो. बेळगावचा पाऊस खगोलशास्त्राला अनुकूल नाही.

आर.एस. ओफियुचीतील श्वेत बटूचे वस्तुमान चंद्रशेखर मर्यादेच्या, म्हणजे १.४ सूर्यांच्या, अगदी जवळ आहे. ती मर्यादा गाठताना कार्बन-ऑक्सिजनचा बटू समूळ उडतो. मागे काहीच उरत नाही. हा पहिल्या-अ प्रकारचा अतिदीप्त नवतारा. टायको ब्राहीने १५७२ मध्ये पाहिला तो या प्रकारचा. असे स्फोट जवळजवळ सारख्याच तेजाचे असल्याने त्यांच्यावरून दूरच्या दीर्घिकांची अंतरे मोजता येतात, आणि विश्वाचे प्रसरण वेगावत आहे हे १९९८ मध्ये कळले ते याच मोजमापाने. पण स्फोट होतो नेमका कोणत्या जोडीत, महाकाय ताऱ्याकडून घेणाऱ्या बटूचा की दोन बटू एकमेकांवर आदळून, यावर एकमत नाही. २०११ मध्ये एम-१०१ दीर्घिकेत झालेल्या अशा स्फोटाच्या जागेची जुनी छायाचित्रे तपासली, तेव्हा तेथे तांबडा महाकाय तारा नव्हताच असे दिसले. निदान त्या स्फोटाला तरी आर.एस. ओफियुचीसारखी जोडी कारण नव्हती. माझा कल दोन बटूंच्या बाजूला आहे, पण दोन्ही प्रकार घडत असतील तर मला आश्चर्य वाटणार नाही.

दुसरी वाट अधिक दाट गुंत्याची. रोहिणीभोवतीच्या तारकागुच्छात व्ही-४७१ टॉरी नावाची जोडी आहे: एक श्वेत बटू, एक साधा नारिंगी तारा, आवर्तन साडेबारा तास. दोघांतील अंतर सूर्याच्या त्रिज्येच्या तीन-साडेतीन पटच. पण हा बटू ज्या तांबड्या महाकाय ताऱ्याच्या पोटात घडला, तो तारा एकटाच या साऱ्या कक्षेहून कितीतरी मोठा असणार. मग नारिंगी तारा तेव्हा होता कुठे? बोहदान पाचिन्स्की यांनी १९७६ मध्ये उत्तर दिले: त्या महाकायाच्या पोटातच! द्रव्य इतक्या वेगाने सांडले, की घेणाऱ्याला ते गिळता आले नाही; ते दोघांभोवती सामाईक कवच होऊन पसरले. त्या कवचात घासत, आतल्या आत चक्राकार उतरत दोघे जवळ आले आणि त्यांनी गमावलेल्या ऊर्जेने कवच बाहेर फेकले गेले. हा टप्पा इतका अल्पकाळाचा, की तो घडताना दिसण्याची कोणी फारशी आशा धरली नव्हती.

पण काही वेळा कवच बाहेर फेकले जात नाही आणि दोन तारे एक होतात. तसे एक विलीनीकरण जवळजवळ डोळ्यांदेखत घडले. सप्टेंबर २००८ मध्ये वृश्चिकेत व्ही-१३०९ हा तारा अचानक भडकला आणि तांबडा होत विझत गेला; नवताऱ्याचे हे वागणे नव्हे. पोलिश खगोलशास्त्रज्ञांचा ‘ओगल’ प्रकल्प आकाशाच्या त्या भागाची छायाचित्रे अनेक वर्षे घेत होता. टिलेंडा आणि सहकाऱ्यांनी २०११ मध्ये ती जुनी छायाचित्रे चाळली, तेव्हा स्फोटापूर्वी तेथे सुमारे १.४ दिवसांचे आवर्तन असलेली, एकमेकांना चिकटलेली जोडी दिसली. तिचे आवर्तन वर्षागणिक अधिकाधिक वेगाने घटत होते. स्फोटानंतर आवर्तन नाहीसे झाले. दोन होते, एक राहिले.

यावरून २०१७ मध्ये एका भाकिताने खूप गाजावाजा झाला. हंस समूहातील केआयसी ९८३२२२७ या चिकटलेल्या जोडीचे आवर्तन तसेच घटते आहे, तेव्हा २०२२ च्या सुमारास ती विलीन होईल आणि नुसत्या डोळ्यांना दिसेल, असे जाहीर झाले. मीही सूचनाफलकावर कात्रण लावले होते. २०१८ मध्ये दुसऱ्या गटाने जुनी निरीक्षणे पुन्हा तपासली. एका जुन्या लेखात ग्रहणाची वेळ छापताना बरोबर १२ तासांची चूक झाली होती. जोडीचे आवर्तन ११ तासांचे. त्यामुळे १२ तासांची चूक ही एक पूर्ण फेरी अधिक एक तास अशी लपून गेली आणि हिशेबात फक्त एका तासाचा फरक दिसला. त्या एका तासावर सारे भाकीत उभे होते. ते मागे घेतले गेले आणि मी कात्रण काढले. पण ज्यांनी भाकीत केले त्यांनी ते सर्वांना तपासता येईल असे मांडले होते आणि चूक दाखवल्यावर ती मान्यही केली, हे मी वर्गात आवर्जून सांगतो. प्रॅक्टिकलच्या जर्नलमध्ये वेळ लिहिताना ‘सकाळ की रात्र’ विचारणाऱ्या आमच्या लॅब असिस्टंटचे महत्त्व तेव्हापासून वाढले आहे.

फार जड ताऱ्यांच्या जोड्यांत शेवटी श्वेत बटूंऐवजी न्यूट्रॉन तारे किंवा कृष्णविवरे उरतात. हल्स आणि टेलर यांनी १९७४ मध्ये शोधलेली न्यूट्रॉन ताऱ्यांची जोडी पावणेआठ तासांत फेरी करते आणि ते आवर्तन दर वर्षी सेकंदाच्या सुमारे ७६ दशलक्षांशांनी घटते. गुरुत्वीय तरंग ऊर्जा नेतात म्हणून. १७ ऑगस्ट २०१७ रोजी तशाच दोन ताऱ्यांच्या टकरीचे तरंग पृथ्वीवर नोंदले गेले. तो विषय स्वतंत्र लेखाचा.

आता मागच्या बाकासाठी, आणि ज्यांना गच्ची आहे अशा सर्वांसाठी, थोडी व्यवहाराची माहिती. मायावती एरवी देवयानीच्या टोकाच्या अल्मक ताऱ्याइतकीच तेजस्वी असते. ग्रहणाच्या मध्यावर ती ययातीतील डेल्टा आणि एप्सिलॉन या ताऱ्यांहूनही फिकी दिसते; तुलना करायला हे तीन पुरेत. आवर्तन तीन दिवसांना ३ तास ११ मिनिटे कमी असल्याने, एखादे ग्रहण मध्यरात्री एक वाजता झाले, तर पुढचे तीन दिवसांनी रात्री ९ वाजून ४९ मिनिटांनी आणि त्यापुढचे आणखी तीन दिवसांनी संध्याकाळी ६ वाजून ३८ मिनिटांनी होते. दर अर्ध्या तासाला एक नोंद घ्यावी, तारीख आणि वेळ पूर्ण लिहावी, आणि आलेख काढून मला आणून दाखवावा.